अकरा मिनिटांची शिट्टी

मृदुला म्हेत्रेनं आपलं गाणं पहिल्यांदा लोकांसमोर म्हटलं, तेव्हा पहिल्या रांगेतली एक मुलगी झोपी गेली.

कंटाळून नव्हे. चांगली समाधानानं, मैत्रिणीच्या खांद्यावर मान टाकून. कोल्हापुरातल्या एका कॉलेजचा हॉल होता, दुपारी चारची वेळ, तीनेकशे पोरं. स्टेजवर मृदुला गळ्याच्या शिरा ताणून किंचाळत होती. इम्तियाज मुजावर ड्रमवर असा तुटून पडला होता की त्याची एक काठी मोडली, आणि चौगुलेच्या बेस गिटारनं खिडक्यांच्या काचा थरथरत होत्या. समोरची पोरं मात्र डोळे मिटून, गालातल्या गालात हसत डुलत होती. गाणं संपल्यावर टाळ्या पडल्या, त्याही हळूच, कुणाची झोप मोडू नये अशा बेतानं. एक मुलगा स्टेजजवळ येऊन म्हणाला, "ताई, परीक्षेचं टेन्शन होतं. एकदम हलकं वाटलं बघा."

मृदुलाच्या तोंडात रक्ताची चव होती. तिनं त्या मुलाच्या कानाकडे पाहिलं. मणी होता. हॉलभर नजर फिरवली, तर एकही कान मोकळा नव्हता. दारावर त्यांनी हातभर अक्षरांत पाटी लावली होती, 'मणी काढून आत या.' पोरांना वाटलं, ही बँडची काहीतरी स्टाइल असेल. त्यांनी पाटीसोबत फोटो काढले आणि मण्यांसकट आत आली.

मणी आज शेंबड्या पोरालाही माहीत आहे, पण तो चालतो कसा हे विचारायला कुणाला सवड नाही, म्हणून सांगतो. ज्वारीच्या दाण्याएवढी ती वस्तू कानाच्या नळीत बसते. बाहेरचा आवाज तुमच्या पडद्यापर्यंत जायच्या आत ती त्याला पकडते, सेकंदाच्या काही हजाराव्या भागात त्याचे तुकडे पाडते, नको असलेला तुकडा उलट्या लाटेनं मारून टाकते आणि उरलेलं पुन्हा जुळवून कानात वाजवते. इथवर नवं काही नव्हतं, गोंगाट मारणारी यंत्रं पूर्वीही होती. नवं होतं ते तिसऱ्या पिढीच्या मण्यात. तो कानाच्या कातडीतून नाडी बघत राहतो. कुठल्या आवाजानं तुमची नाडी उडते आणि कुठल्यानं बसते, हे तो वर्षभर मुकाट्यानं शिकतो. मग उडवणारा आवाज आला की त्याच्या जागी बसवणारा आवाज रचतो. कुणाला वाहत्या पाण्याचा, कुणाला तंबोऱ्याचा, कुणाला आणखी कशाचा. लय तीच राहते, लांबी तीच राहते, फक्त काटे निघून जातात.

धोक्याचे आवाज झाकायचे नाहीत असा कायदा होता आणि कंपनीनं तो इमानेइतबारे पाळला होता. रुग्णवाहिका, आगीचा बंब, रेल्वेचा भोंगा अशा चारेकशे आवाजांची यादी प्रत्येक मण्यात पक्की होती. इचलकरंजीतल्या एका जुन्या सायझिंगच्या बॉयलरची शिट्टी त्या यादीत नव्हती. तिथंवर यादी करणाऱ्यांचं लक्ष कशाला जाईल?

सायझिंग म्हणजे मागावर चढायच्या आधी सुताला खळ लावतात तो कारखाना. खळ शिजवायला आणि सूत वाळवायला वाफ लागते, म्हणून बॉयलर. मृदुलाचा भाऊ हृषीकेश, घरातला हृषी, त्या बॉयलरवर होता. वडील दत्तोबा, म्हणजे आबा, त्याच कारखान्यात पलीकडच्या अंगाला सूत गुंडाळायच्या यंत्रावर. या कारखान्यातली एक रीत अशी की बॉयलरचा काटा कुणी बघत नसे. काटा भिंतीवर होता, काचेआड होता, आणि धुरानं काळा झालेला होता. दाब चढला की सेफ्टी व्हॉल्व्ह शिट्टी घालतो आणि मग उठून आग कमी करायची, हे तिथली माणसं तीस वर्षं करत आली होती. त्यात व्हॉल्व्ह जुना. दाब असो नसो, तो दिवसातून चार वेळा उगाचच शिट्टी घालायचा. माणसं दचकायची, शिव्या घालायची, परत कामाला लागायची. मालकांनी मोठ्या मनानं सगळ्या कामगारांना मणी वाटले, त्या मण्यांनी ही रोजची कटकट वर्षभर ऐकली आणि एक एक करून सगळ्यांच्या कानात ती गोड करून टाकली.

एका बुधवारी दुपारी व्हॉल्व्ह अर्धाच उघडला. दाब खरंच चढत होता. शिट्टी अकरा मिनिटं वाजली आणि मग बॉयलर फुटला. दोघं भाजले, हृषी जागीच गेला.

चौकशी झाली. त्यात आबांचा जबाब सगळ्यात वजनदार ठरला, कारण मेलेल्याचा बाप खोटं कशाला बोलेल? आबा खोटं बोललेच नाहीत. देवाची शपथ घेऊन त्यांनी सांगितलं की मी तिथंच होतो आणि शिट्टी वाजली न्हाई. शिट्टी वाजली नाही म्हणजे व्हॉल्व्ह अडकला, व्हॉल्व्ह अडकला म्हणजे बॉयलरवाल्यानं तो तपासला नाही. अहवालात लिहिलं गेलं: 'मयत हृषीकेश दत्तोबा म्हेत्रे याचा निष्काळजीपणा.' महिन्याभरात कारखान्यात नव्या पोरांचं सुरक्षा प्रशिक्षण सुरू झालं आणि त्यातल्या एका धड्याचं नाव 'हृषीकेशची चूक' असं ठेवलं गेलं. चोवीस वर्षांचं पोर गेलं, आणि मागं उरली ती चूक.

शिट्टी वाजली होती हे मृदुलाला माहीत होतं, कारण ती तिच्याकडे होती. त्या दुपारी इम्तियाज शेजारच्या गल्लीत जुन्या मागांचा आवाज रेकॉर्ड करत उभा होता. यांच्या बँडचं नाव 'सुटलेला धोटा'. मागात सूत घेऊन इकडून तिकडे धावणारा धोटा कधी कधी सटकून गोळीसारखा उडतो आणि समोरच्याचा डोळा घेतो, त्यावरून ठेवलेलं. नाव मृदुला आणि काम हे, यावरून गल्लीत तिची पुष्कळ थट्टा झाली होती. पंक म्हणजे काय, असं कुणी विचारलं तर ती म्हणायची, तीन सूर, अडीच मिनिटं आणि खोटं न बोलणं. जुना माग मिनिटाला एकशेसाठ ठोके देतो आणि तिला गाण्याला नेमकी तीच चाल हवी होती, म्हणून इम्तियाज गल्लीत होता. त्याच्या रेकॉर्डिंगमध्ये मागांच्या खटखटीवर अकरा मिनिटं शिट्टी होती, आणि मग तो आवाज, जो मृदुलानं एकदाच ऐकला आणि नंतर कापून टाकला.

मृदुला ती रेकॉर्डिंग घेऊन चौकशी अधिकाऱ्याकडे गेली. साहेब भला माणूस होता. त्यानं शांतपणे सगळं ऐकलं, मान डोलावली आणि म्हणाला की यात बासरी कुणी वाजवलीय. मृदुलानं त्याला मणी काढायला लावला, तेव्हा तो दचकला आणि पटकन फोनचा आवाज कमी केला. मग म्हणाला की त्या भागात सात बॉयलर आहेत आणि ही शिट्टी कुठल्या बॉयलरची हे बाहेरच्या गल्लीतून कसं ठरवणार? पण एक वाट आहे. "तुमच्या वडिलांनी एवढंच लिहून द्यावं की कानात मणी होता, त्यामुळे शिट्टी वाजली की नाही ते सांगता येणार नाही. तेवढ्यावर मी फाईल पुन्हा उघडतो. पुढच्या महिन्याच्या शेवटच्या शुक्रवारपर्यंत. त्यानंतर माझ्या हातात नाही."

तिनं आबांपुढे विषय काढला, तर ते उठून परसात गेले. दुसऱ्यांदा काढला, तर म्हणाले, "माझ्या कानानं ऐकलं न्हाई म्हंजे वाजली न्हाई. तीस वर्सं त्या बॉयलरपाशी काढली, मला शिकवतीस?" तिनं रेकॉर्डिंग लावली. आबांनी ऐकली, आणि त्यांच्या चेहऱ्यावर असं काही पसरलं की मृदुलाला बघवेना. ते हसले होते.

तेव्हा तिनं ठरवलं की गावालाच मणी काढायला लावायचा. सगळा गाव म्हणायला लागला की शिट्टी वाजली, तर आबा एकटे कुठवर नाही म्हणतील?

बंद पडलेल्या मागाच्या एका शेडमध्ये तिघं दहा दिवस बसली. चौगुलेनं मागाची खटखट खाली ठेवली, इम्तियाजनं तिच्यावर ड्रम चढवला, आणि शिट्टी पहिल्या ठोक्यापासून शेवटपर्यंत तशीच ठेवली, सूर न लावता, साफसूफ न करता. चौगुले म्हणत होता की शिट्टी थोडी मागं घेऊ, फारच लागतेय. मृदुला म्हणाली, लागू दे. शब्द तिनं एका बैठकीत लिहिले:

*वाजली, वाजली, अकरा मिनिटं वाजली*
*तुमच्या कानात मध, माझा भाऊ वाफेत*
*कोण म्हणतो चुकला? कोण म्हणतो झोपला?*
*काढा रे, काढा रे, कानातला मणी काढा*

काही सौंदर्य नव्हतं त्यात, आणि तिला ते नकोच होतं. शेवटच्या रेकॉर्डिंगच्या दिवशी म्हणता म्हणता तिला उलटी झाली. ती उलटीही त्यांनी ठेवली. तिघांनी मोकळ्या कानांनी ते गाणं ऐकलं. मृदुलाला मनापासून वाटलं की हे ऐकून कुणी स्वस्थ बसूच शकणार नाही.

लोक स्वस्थ बसले. नुसते बसले नाहीत, पार झोपले. कोल्हापूरच्या त्या कार्यक्रमानंतर पंधरा दिवसांत गाणं बारा लाख लोकांनी ऐकलं. बाळाला निजवायला हेच लागतं, असं आयांनी कळवलं. एका दातांच्या डॉक्टरनं ते दवाखान्यात लावलं. योगवर्गांनी शवासनासाठी घेतलं. मणी बनवणाऱ्या कंपनीनं तर ते आपल्या 'निवांत' यादीत तिसऱ्या क्रमांकावर चढवलं आणि तिला पुष्पगुच्छ पाठवला. मुळात गाणं जितकं कर्कश, तितकं मणी त्याच्यावर जास्त काम करायचा. तिनं घशातलं सगळं रक्त ओतलं होतं आणि म्हणूनच ते सगळ्यात गोड लागत होतं. शब्दांची तर विरघळून नुसती गुणगुण होत होती. ज्यांच्याकडे मणी नव्हते असे थोडेफार लोक निघाले. त्यांनी लिहिलं की डोकं दुखलं, हा काय भिकारपणा. त्यांतल्या कुणालाही शब्दांबद्दल काही विचारायचं नव्हतं.

आणि मग सायझिंगवाल्यांच्या सुरक्षा दिनाचं बोलावणं आलं. तो होता गुरुवारी, साहेबानं दिलेल्या शेवटच्या शुक्रवारच्या आदल्या दिवशी. कारखान्याचे मॅनेजर उपाध्ये स्वतः घरी आले आणि म्हणाले की कामगारांना तुमचं ते शांत गाणं ऐकायचंय. इम्तियाज म्हणाला, जाऊ नको. मृदुला म्हणाली, माईक फुकट मिळतोय.

मंडपात सातशे माणसं होती, कामगार आणि त्यांच्या बायका. ती माईकपाशी गेली आणि साध्या आवाजात विनंती केली की अडीच मिनिटांसाठी सगळ्यांनी मणी काढून हातात घ्या. माझ्या भावासाठी एवढं करा. माणसं मुळात चांगली असतात, म्हणून तर सगळा घोटाळा होतो. सातशेच्या सातशे जणांनी मणी काढले.

पहिल्या ठोक्याला मंडप हलला. शिट्टी लागली आणि मृदुलानं बघितलं, खळ शिजवणारे म्हातारे बाबू लोले खुर्चीतून अर्धे उठले. त्यांनी शिट्टी ओळखली होती. बॉयलरच्या दिशेला त्यांची मान आपोआप वळली, तीस वर्षांच्या सवयीनं. सुताच्या कांड्या भरणाऱ्या दोन बायकांनी तोंडावर पदर घेतले. ऐकलं यांनी, झालं काम, असं तिला वाटलं आणि ती आणखी जोरानं किंचाळली.

मग एक हात कानाकडे गेला. मग चार, मग चाळीस. कुणी रागानं नव्हे, खाली बघून, जरा ओशाळून, डोळ्यात गेलेला कण काढावा तसं. शेवटचं कडवं येईपर्यंत मंडप डुलायला लागला होता. बाबू लोलेंनी सर्वांत शेवटी मणी घातला. घालताना त्यांनी तिच्याकडे बघितलं, आणि त्या बघण्यात सगळं होतं, की मला कळलंय आणि मी काही बोलणार नाही. गाणं संपल्यावर ती धावत त्यांच्यापाशी गेली. ते म्हणाले, "डोकं लई दुखतंय गं बाई. असलं घेऊन रोज कामावर कसं जायचं?"

उपाध्ये साहेबांनी आभार मानले. म्हणाले, ज्या हृषीकेशच्या हातून चूक घडली, त्याच्याच बहिणीनं आज आपल्याला क्षमेचं गाणं ऐकवलं.

ती घरी आली तेव्हा दुपारचे तीन वाजले होते. आबा बाहेरच्या सोप्यात गवार मोडत बसले होते. मृदुला त्यांच्यासमोर पाटावर बसली आणि कानाकडे बोट केलं. आबांनी काही न विचारता मणी काढून भाजीच्या ताटात ठेवला.

मणी नसला की आबांना जवळजवळ काहीच ऐकू येत नाही. कामाची पहिली वीस वर्षं मागावर घालवलेल्या माणसाचा कान बारीक, तीव्र आवाजांना मरतो. आधी पाखरं जातात, मग शिट्ट्या, मग बायकापोरांची बोलणी. म्हणजे त्या दिवशी कानात मणी नसता तरी आबांना शिट्टी ऐकू आली नसती, आणि मणी होता म्हणून ती भलतीच होऊन आली. पण मागवाल्यांचं बोलणं कानावर अडत नाही. शेडच्या गोंगाटात ते आवाज न काढता, ओठ नीट हलवून, हाताची जोड देऊन बोलतात. मृदुला आणि हृषी लहानपणी आबांशी असंच बोलत, अगदी एकमेकांच्या चहाड्यासुद्धा. आज तिनं गाण्याचे शब्द तसे म्हटले. सावकाश, आवाज न काढता, एकेक ओळ.

आबांनी शेवटपर्यंत बघितलं. मग म्हणाले, "ठावं हाय मला. इम्त्याच्या फोनवर तुझं गाणं बघितलं, त्याच दिवशी ओठ वाचलं."

मृदुलानं ओठांनी विचारलं, मग?

"वाजली आसंल शिट्टी. तुझ्याजवळ हाय म्हंजे वाजलीच."

मग उद्या चला, ती म्हणाली. एवढंच सांगा की कानात मणी होता. दुसरं काही नको.

आबा गवारीच्या शिरा ओढत बोलले. मणी कारखान्याचा आहे. जबाब फिरवला की दुसऱ्या दिवशी माणूस येऊन घेऊन जाईल. मृदुला म्हणाली, मी नवा घेऊन देते, याच्यापेक्षा भारी. आबांनी नकारार्थी मान हलवली.

"नव्यात त्यो नसंल."

कोण, असं तिनं विचारलं नाही, पण तिचा चेहरा बघून आबांनीच सांगितलं. "तुझं गाणं लागलं की कानात हृष्या म्हणतोय. शबुद कळत न्हाईत, नुसतं गुणगुणतोय. सकाळी मोरीत आंगूळ करताना गुणगुणायचा, तसा. ह्या मण्यानं त्याला जित्तेपणी ऐकलाय, म्हणून याला त्यो म्हाईत. नवा मणी त्याला आता कुठं जाऊन ऐकल?"

मृदुलाला तेव्हा कळलं की तिनं रेकॉर्डिंग लावली त्या दिवशी आबा का हसले होते. त्यांची नाडी या जगात एकाच आवाजानं बसत होती आणि मण्यानं ते बरोबर शिकून घेतलं होतं.

तिनं एकेक शब्द ओठांवर नीट लावला. "आबा, पोरं त्याचं नाव घेऊन हसतायत तिथं. 'हृषीकेशची चूक' म्हणून धडा हाय. जन्मभर तेच राहणार. तुमी एक ओळ लिहिली तर पुसलं जाईल."

"नाव मला ऐकू येत न्हाई, पोरी," आबा म्हणाले. "आवाज येतोय."

त्यांनी ताटातला मणी उचलला, धोतराच्या सोग्याला पुसला आणि कानात घातला. मग लहान मुलानं खाऊ मागावा तसं, जरा लाजत म्हणाले, "म्हण की एकदा. यंत्रातनं नको. तू म्हण."

मृदुलानं म्हटलं. चाल तीच धरली, एकशेसाठ ठोक्यांची, पाटावर मूठ आपटत. पण शब्द ते नव्हते. पोटातून जे येईल ते ती आबांच्या तोंडावर किंचाळत होती. की त्याला एकदा बॉयलरनं मारलं आणि आता तुम्ही मारताय. की तुम्हाला पोरगा नकोय, त्याची गुणगुण हवीय. की मी जिवंत आहे, मी इथं बसलेय, माझ्याकडे बघा. शेजारच्या घरातलं कुत्रं भुंकायला लागलं.

आबांनी पहिल्याच ओळीला तिच्या ओठांकडे बघितलं होतं. मग त्यांनी डोळे घट्ट मिटून घेतले, पुढचं काही वाचायला लागू नये म्हणून. मिटलेल्या डोळ्यांतून पाणी गालावर आलं. मांडीवर बोटांनी ते ताल धरत होते आणि ओठांवर ते हसू होतं.

घसा पार बसला तेव्हा मृदुला थांबली. आबांनी डोळे उघडले नाहीत.

"आजून एकदा, हृष्या," ते म्हणाले.